मिलीग्रॅम गिटार लावतात

वजनमापं तपासणाऱ्या खात्यात पस्तीस वर्षं काढलेल्या माणसाच्या हातात गिटार देऊ नये. दिलीच, तर ती सुरात लावायचं ॲप तरी त्याच्या फोनमध्ये घालून देऊ नये. मिलीग्रॅमच्या लेकीनं दोन्ही गोष्टी केल्या आणि नोकरीसाठी दुसऱ्या गावी निघून गेली. जाताना म्हणाली, "बाबा, रिटायर झालात म्हणून दिवसभर आईच्या डब्यांची झाकणं तपासत बसू नका. माझी गिटार ठेवून जातेय. शिका."

मिलीग्रॅम हे नाव त्यांना दुकानदारांनी ठेवलं होतं. ते दुकानात शिरले की आधी तराजू सपाट जागेवर आहे का ते बघत, मग खिशातला धुतलेला रुमाल काढून स्वतःची पितळी वजनं पुसत आणि पंखा बंद करायला लावत. वाऱ्यानं पारडं हलतं असं त्यांचं म्हणणं. एकदा एका भल्या दुकानदाराचं वजन केसभर कमी भरलं आणि तो रडकुंडीला आला. मिलीग्रॅमनी त्याला पाणी दिलं, पाठीवर हात ठेवला आणि रडताना तराजूवर वाकू नका एवढंच सांगितलं. शिक्का काही मारला नाही. पस्तीस वर्षांत एकही खोटं वजन त्यांच्या हातून पास झालं नव्हतं, आणि हे ते कुणी विचारलं नाही तरी सांगत.

तर ते ॲप. फोनच्या पडद्यावर एक अर्धगोल आणि त्यात एक काटा. तार छेडली की काटा उठायचा. सूर उतरलेला असला तर डावीकडे लाल, चढलेला असला तर उजवीकडे लाल, आणि नेमका जुळला की काटा मधोमध उभा राहून हिरवा व्हायचा. शेजारी बारीकशी बरोबरची खूण उमटायची. "रोज आधी हे करायचं, मग शिकायला बसायचं," लेक म्हणाली होती. "पाच मिनिटांचं काम आहे, बाबा."

ते पाच मिनिटांचं काम आठ महिने चाललं होतं.

त्याला कारण होतं. सहा तारा एकाच दांड्यावर ताणलेल्या. एक आवळली की दांडा जरासा वाकायचा आणि उरलेल्या पाचजणी रुसायच्या. जाड्या तारेपासून सुरुवात करून मिलीग्रॅम बारीक तारेपर्यंत पोचले की जाडी पुन्हा डावीकडे सरकलेली असायची. गिटार वाजवणारा कुठलाही माणूस अशा वेळी म्हणतो, थोडंसं चालतं. पण "थोडंसं चालतं" हे वाक्य मिलीग्रॅमनी उभ्या आयुष्यात इतक्या दुकानदारांच्या तोंडून ऐकलं होतं की ते कानावर पडताच त्यांचा हात आपोआप नोटीस लिहायला जायचा. ते पुन्हा जाड्या तारेपासून सुरू करायचे.

शिवाय एक अडचण होती, ती त्यांनी कुणाला सांगितली नव्हती. गिटार वाजवायची म्हणजे डाव्या हाताच्या बोटांनी तारा दाबाव्या लागतात. आणि तार दाबली की काटा भसकन उजवीकडे जाऊन लाल व्हायचा. म्हणजे वीस मिनिटं खपून जी तार बरोबर केली, ती स्वतःच्या हातानं चूक करायची आणि त्याला गाणं म्हणायचं. हे त्यांच्या पचनी पडेना. त्यांनी एकदा प्रामाणिकपणे प्रयत्न केला, लाल काटा बघितला आणि बोट असं मागे घेतलं की तवाच लागला असावा.

खरं सांगायचं तर त्यांना त्या हिरव्याचं वेड लागलं होतं. आयुष्यभर दुसऱ्यांना बरोबर आणि चूक सांगत आले होते. खात्यात त्यांना स्वतःला मात्र कुणी कधी बरोबर म्हटलं नाही. साहेब चुका काढायचे, दुकानदार बोटं मोडायचे. आणि आता साठीत हे एवढंसं यंत्र दिवसातून पंचवीस-तीस वेळा त्यांना बरोबर म्हणत होतं. माणूस विरघळणार नाही तर काय होईल?

बसायची जागा म्हणजे स्वयंपाकघरामागची कपडे धुण्याची खोली. दार बंद, खिडकी बंद, पालथी बादली आणि तिच्यावर मिलीग्रॅम. ॲपचे कान इतके तिखट होते की पलीकडच्या खोलीतल्या फ्रीजची घरघर ऐकूनही काटा थरथरायचा. म्हणून ते आधी फ्रीज बंद करत. तो पुन्हा चालू करायचा राहून गेल्यानं त्या आठ महिन्यांत अकरा वेळा दूध नासलं. मध्येच पडद्यावर केस वाढवणाऱ्या तेलाची जाहिरात यायची, ठेक्यात गाणं म्हणायची आणि बंद करायची फुली बोटाला सापडू द्यायची नाही. तेवढं एक सोडलं तर मिलीग्रॅम तिथं सुखी होते. खालच्या मजल्यावरच्या शिंपीणबाईंनी एकदा जिन्यात गाठून विचारलं, "तुमचं ते गाणं बरंच लांब दिसतंय. सुरुवातच चालू आहे ना अजून?" मिलीग्रॅम म्हणाले, "सुरुवात पक्की हवी." शिंपीणबाईंनी मान डोलावली, पण पटलेलं दिसलं नाही.

घरात दुसरं माणूस म्हणजे त्यांची बायको. तिला हॉस्पिटलात सगळे ताई म्हणत, आणि पुढं गल्लीतलेही म्हणू लागले. ताई कानाच्या विभागात ऐकण्याची तपासणी करत. जाड भिंतींची बंद खोली, मध्ये काच, काचेपलीकडे कानाला हेडफोन लावून बसलेला पेशंट आणि अलीकडे मशीनपाशी ताई. "आवाज आला की हात वर, थांबला की खाली," हे वाक्य त्यांनी तेहतीस वर्षांत किती वेळा म्हटलं असेल त्याला गणती नाही.

जेवताना त्या दिवसभराच्या गोष्टी सांगत. त्यांतली उसन्या हाताची गोष्ट मिलीग्रॅमना पाठ होती. ज्यांना ऐकू येत नाही ते पेशंट हात वर करत नाहीत असं आपल्याला वाटतं, पण उलट असतं. ते जास्त वेळा करतात. काचेतून ताईंच्या तोंडाकडे बघतात, आता आवाज दिला असेल असा अंदाज बांधतात आणि लाजेकाजेनं हात वर करतात. आवाज थांबलेला कळत नाही म्हणून वरच ठेवतात. त्याला ताई उसना हात म्हणत.

"मग तू काय करतेस?" मिलीग्रॅमनी विचारलं होतं.

"काही नाही. त्या वर केलेल्या हाताखाली हळूच एक मोठा आवाज सरकवते. म्हणजे माणूस खोटा पडत नाही. मग परत पहिल्यापासून."

"पण मग तपासणी चुकते की."

"तपासणी परत करता येते हो," ताई म्हणाल्या होत्या, आणि मिलीग्रॅमना ते अजिबात मान्य झालं नव्हतं. दोन दिवस ते त्यावर वाद घालत राहिले. कमी भरलेल्या वजनाखाली कुणी हळूच बोट सरकवलं तर चालेल का, असं त्यांनी विचारलं. ताई नुसत्या हसल्या.

अशा या ताईंनी अठ्ठावन्न पुरे व्हायच्या आत, दोन वर्षं आधीच निवृत्तीचा अर्ज दिला. विचारलं तर म्हणाल्या, गुडघे दुखतात. मिलीग्रॅमनी लगेच घरातल्या सगळ्या पायऱ्यांची उंची मोजली. एक पायरी बाकीच्यांपेक्षा आठ मिलिमीटर उंच निघाली. तेव्हा त्यांची खात्री पटली आणि विषय संपला.

कानाच्या विभागात एक जुनी रीत होती. निवृत्त होणाऱ्यानं निरोपाच्या दिवशी कुणाही एका माणसाकडे एक मागणी करायची आणि ती त्या माणसानं सगळ्यांसमोर पुरी करायची. नाही म्हणायची सोय नव्हती. आधीच्या मोठ्या डॉक्टरांनी कॅन्टीनवाल्या मावशींना सांगितलं होतं की मला शेवटचं एकदा झापा. मावशींनी वीस मिनिटं झापलं आणि डॉक्टर रडत रडत घरी गेले. त्याआधीच्या एका नर्सनं विभागप्रमुखांना स्टुलावर उभं राहून पाढे म्हणायला लावले होते. ते सतराच्या पाढ्यात अडकले.

"मी तुमचं नाव दिलंय," एका सकाळी ताई चहा गाळत म्हणाल्या.

"कशाला?"

"गिटारला. आठ महिने वाजवताय, एक गाणं वाजवा माझ्यासाठी."

मिलीग्रॅम म्हणाले, "अगं, माझी अजून तयारी नाही."

"रोज दीड दीड तास बसता. छान चाललेलं असतं की." ताई पाठमोऱ्या होत्या, मग वळल्या आणि त्यांच्या तोंडाकडे बघत म्हणाल्या, "हे बघा, लग्नाला पस्तीस वर्षं होतील. मी तुमच्याकडे कधी काही मागितलं नाही."

हे खरं होतं. मिलीग्रॅमनी मनात सगळी वर्षं तपासून बघितली, कुठं काही सापडेना. आता तिथं उभं राहून मला वाजवता येत नाही असं सांगायचं, म्हणजे ऐंशी माणसांत बायकोचं हसं करायचं. आणि न सांगता वाजवायचं, तर वाजवायचं काय? पुढचे नऊ दिवस ते कबुली देण्यासाठी तोंड उघडत आणि भलत्याच विषयाला हात घालत. एकदा म्हणाले, "अगं, मला तुला काही सांगायचंय." ताई म्हणाल्या, "काय?" त्यावर मिलीग्रॅम म्हणाले, "टीव्ही बिघडलाय बहुतेक."

टीव्हीचा विषय तसा खरा होता. पूर्वी त्याचा आवाज चौदावर ठेवला की पुरायचा. गेल्या वर्षभरात तो सरकत सरकत तेवीसवर गेला होता. ताई म्हणत, हल्ली मालिकांतले लोक तोंडातल्या तोंडात बोलतात. मिलीग्रॅमनी टीव्हीवाल्याला बोलावून यंत्र उघडायला लावलं होतं. तो म्हणाला, काही झालेलं नाही. मिलीग्रॅमनी त्याला कामचुकार ठरवून वाटेला लावलं.

निरोपाचा कार्यक्रम दुपारी तीनला होता. एक वाजता धुण्याच्या खोलीत चमत्कार झाला. सहाच्या सहा तारा एकाच वेळी हिरव्या लागल्या. आठ महिन्यांत पहिल्यांदा. मिलीग्रॅमना वाटलं आता गिटारला हात लावू नये, काचेच्या पेटीत ठेवावी. त्यांनी ती पांघरुणात गुंडाळली, टॅक्सीत मांडीवर घेतली आणि ड्रायव्हरला खड्ड्यांवरून सावकाश न्यायला सांगितलं. ड्रायव्हरनं आरशातून बघत विचारलं, "किती महिन्यांचं आहे?" मिलीग्रॅमनी पांघरूण आणखी नीट लपेटलं.

हॉस्पिटलचा हॉल एसीनं गार पडला होता. गार हवेत तारा आकसतात आणि लाकूडही आपलं डोकं चालवतं. व्यासपीठावर खुर्चीत बसून मिलीग्रॅमनी गिटार उघडली, जाडी तार हलकेच छेडली, आणि फोनवरचा काटा लालेलाल झाला.

समोर ऐंशी माणसं. विभागातले सगळे, शिवाय तेहतीस वर्षांतले जुने पेशंट. पहिल्या रांगेत मध्ये ताई, ठेवणीतले कपडे घालून, हात मांडीवर ठेवून त्यांच्याकडे बघत होत्या. मिलीग्रॅमनी येताना ठरवलं होतं की सरळ उभं राहून सांगायचं, मंडळी, मला गिटार येत नाही. ते उभेही राहिले. ताईंकडे बघितलं. आणि त्यांच्या तोंडून निघालं, "आधी जरा लावून घेतो."

लोकांनी समजूतदारपणे माना हलवल्या. मोठे कलाकार लावून घेतातच.

मिलीग्रॅमनी फोन समोरच्या स्टुलावर ठेवला. काटा नुसता नाचत होता. "तो एसी जरा बंद करता येईल का?" त्यांनी विचारलं. एसी बंद झाला. काटा अजून थरथरत होता. "आणि पंखे?" पंखे थांबले. "माईकही गुणगुणतोय."

इथं दुसरा कुठला हॉल असता तर लोक कंटाळून खाण्याच्या टेबलाकडे वळले असते. पण हा कानाचा विभाग होता. पहिल्या रांगेतले विभागप्रमुख सावरून बसले, मग उठले आणि रोज सकाळी ज्या आवाजात म्हणत त्याच आवाजात म्हणाले, "खोली शांत करा."

सगळा विभाग एकदम कामाला लागला. इलेक्ट्रिशियननं घूं करणाऱ्या ट्यूबलाइट विझवल्या. कॅन्टीनवाल्या मावशींनी चहाच्या भांड्याची वायर उपसली. दोन नर्सनी पाण्याचा कूलर बंद केला. कुणीतरी भिंतीवरचं घड्याळ काढून बाहेर नेऊन ठेवलं. दम्याचे एक काका कुणी न सांगताच उठून शेवटच्या रांगेत जाऊन बसले. सगळ्यांनी फोन बंद केले. शेवटी दार लावून घेतलं आणि बाहेर तपासणी चालू असल्याची पाटी लटकवली. खिडकीतून येणाऱ्या उजेडात ऐंशी माणसं श्वास आवरून बसली.

काटा शांत झोपला. मिलीग्रॅमना आयुष्यात इतकी चांगली खोली मिळाली नव्हती. सगळं विसरून त्यांनी जाडी तार छेडली.

ढं... करून सूर निघाला, आणि दुसऱ्या रांगेतल्या बॉयलरवाल्या काकांचा हात वर गेला.

हे काका तीस वर्षं हॉस्पिटलच्या बॉयलरपाशी काम केलेले, दर सहा महिन्यांनी ताईंच्या काचेपलीकडे बसणारे. एकटा सूर कानावर पडला की हात वर, हे त्यांच्या अंगात भिनलं होतं. मिलीग्रॅमना वाटलं त्यांना काही विचारायचंय. "बोला," ते म्हणाले. काका कुजबुजले, "येतोय, येतोय." तोवर त्यांच्या शेजारच्या दोघांचे हात वर गेले, मग मागच्या रांगेचे. सूर विरत गेला तसे हात एकेक करून खाली आले, ज्याचा त्याचा कान जिथवर पोचला तिथवर.

मिलीग्रॅमनी खुंटी पिळली आणि पुन्हा छेडली. आता हॉलभर हात वर. विभागप्रमुखांचाही. सगळ्यांच्या लक्षात आलं होतं, म्हणजे सगळ्यांनी तसं ठरवून टाकलं होतं, की ताईंच्या नवऱ्यानं ताईंच्या सन्मानार्थ ही तपासणीच रचली आहे. काय कल्पना, असं एक नर्स शेजारणीच्या कानात म्हणाली. तिला सगळ्यांनी दटावलं.

दुसरी तार, तिसरी, चौथी. डावीकडे लाल, उजवीकडे लाल, हिरवं. प्रत्येक सुराला ऐंशी हात वर आणि सावकाश खाली. कॅन्टीनवाल्या मावशींनी नवऱ्याचा हात सगळ्यांत आधी पडलेला बघितला आणि त्याला कोपरानं ढोसून सांगितलं, "उद्या सकाळी इथं यायचं." पाचव्या तारेच्या ऐन वेळी तेलाच्या जाहिरातीनं गाणं म्हटलं. त्यालाही निम्म्या हॉलनं हात वर केले. बॉयलरवाल्या काकांचं टक्कल खिडकीच्या उजेडात चमकत होतं आणि जाहिरात बंद होईतो त्यांचा हात वर होता.

कुणी हसलं नाही. मिलीग्रॅमनाही आता भीती वाटत नव्हती. गाणं कुणी मागतच नव्हतं. त्यांच्या आठ महिन्यांच्या कामाला ऐंशी माणसं हात वर करून साक्ष देत होती.

राहिली बारीक तार. तिचा सूर लवकर विरतो. मिलीग्रॅमनी ती छेडली, काटा मधोमध उभा राहिला, हिरवा झाला. हात वर गेले आणि भराभर खाली येऊ लागले. मागच्या रांगा, मधल्या रांगा, मग नर्स, मग विभागप्रमुख. उरला एकच हात. ताईंचा.

हॉलमध्ये कौतुकाची कुजबुज झाली. "बघा, अजून ऐकताहेत," कुणीतरी म्हणालं. "तेहतीस वर्षांचा कान आहे."

मिलीग्रॅमही कौतुकानं बघत होते. मग सवयीनं त्यांची नजर फोनकडे गेली. काटा झोपला होता. पलीकडच्या खोलीतला फ्रीज ऐकणारं ते यंत्र म्हणत होतं की इथं आता काहीही वाजत नाही. हात वर होता, आणि ताईंचे डोळे त्यांच्या तोंडावर खिळले होते.

मिलीग्रॅमना टीव्ही आठवला. चौदावरून तेवीस. तोंडातल्या तोंडात बोलणारे लोक. हल्ली काही सांगायचं असलं की वळून तोंडाकडे बघणं. रोजचं ते "छान चाललेलं असतं." पायऱ्या मोजत बसलेल्या स्वतःचा त्यांना इतका राग आला की गिटार खाली ठेवून निघून जावंसं वाटलं. माझ्या घरात वर्षभर एक माप उतरत होतं आणि मी टीव्ही उघडायला लावला.

मागे काही जण माना वळवायला लागले होते. आणखी थोडा वेळ गेला असता तर या हॉलमध्ये, जिथं प्रत्येकाला उसना हात ओळखता येतो, तो ओळखला गेला असता. मिलीग्रॅमनी अंगठा उचलला आणि बारीक तार पुन्हा छेडली, जोरात, तुटली तर तुटली म्हणून.

ऐंशी हात झटकन वर गेले. ताईंचा हात त्यांच्यात मिसळून गेला. मग मिलीग्रॅमनी, सूर अजून चालू असताना, सगळ्यांना दिसेल असा पंजा तारांवर पालथा टाकला. थांबला की खाली. सगळे हात एकदम खाली आले आणि ताईंचाही.

टाळ्या बराच वेळ चालल्या. विभागप्रमुख म्हणाले की इतकं शास्त्रशुद्ध वादन त्यांनी कुठं ऐकलं नाही. बॉयलरवाले काका म्हणाले, सगळे सूर ओळखीचे होते.

घरी आल्यावर ताईंनी चहा टाकला, दोन कप टेबलावर ठेवले आणि त्यांच्या समोर, बरोबर समोर, खुर्ची ओढून बसल्या.

"हाताखाली सरकवलात ना तुम्ही?"

मिलीग्रॅमनी होकारार्थी मान हलवली.

"किती वेळ रिकामा होता?"

दुसरा कुठलाही नवरा म्हणाला असता, छे गं, क्षणभर. मिलीग्रॅम म्हणाले, "साडेचार सेकंद."

"अंदाजे की बघून?"

"फोनवर बघून."

ताई हसायला लागल्या आणि हसता हसता त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं. मग म्हणाल्या, "रोज सकाळी पहिल्या पेशंटच्या आधी मशीन आपल्या कानाला लावून बघायचं असतं. सगळ्यांत बारीक आवाज आला की वहीत सही करायची. गेल्या वर्षी तो येईनासा झाला. मला वाटलं मशीन बिघडलं. मी मेकॅनिकला बोलावलं."

"मी पण बोलावला," मिलीग्रॅम म्हणाले. "टीव्हीला."

"मशीन ठणठणीत होतं. आठ महिने शेजारच्या नर्सला बसवून ऐकवलं आणि तिची सही घेतली. पण असं किती दिवस करणार? न ऐकता सही कशी करू? म्हणून अर्ज दिला. तुम्हाला सांगायला तोंड उघडायची आणि गुडघ्यांवर यायची."

या बाईबरोबर पस्तीस वर्षं राहून आपणच काय ते सच्चे, असं समजत आलो याची मिलीग्रॅमना लाज वाटली. मग त्यांनी विचारलं, "मी आत वाजवायचो ते तुला ऐकू यायचं?"

"दार लावलेलं असलं की नाही. मला वाटायचं, एव्हाना गाणी वाजवत असाल."

"गाणी नव्हती. नुसतं लावत होतो. आज केलं तेच."

"आठ महिने?"

"आठ महिने."

"मग माझं काही हुकलं नाही म्हणायचं," ताई म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी सकाळी कान तपासून घ्यायचं ठरलं, आणि मशीनपाशी शेजारच्या नर्सनं बसायचं. तोवर संध्याकाळ मोकळी होती. ताई म्हणाल्या, "आणा इकडे ती गिटार. बादलीवर कशाला बसता?" मिलीग्रॅमनी फ्रीज बंद केला. ताईंनी फोन टेबलावर कपाला टेकवून आपल्यासमोर उभा केला आणि चष्मा लावला.

मिलीग्रॅमनी जाडी तार छेडली.

"डावीकडे आहे," ताई काट्यावर नजर ठेवून म्हणाल्या. "आवळा थोडी. अजून. फार झालं, उजवीकडे गेला. सोडा जरा. थांबा." आणि त्यांनी हात वर केला.

मिलीग्रॅमनी मान पुढे काढून बघितलं. हिरवं होतं. काटा झोपला तेव्हा हात खाली आला, ना आधी ना नंतर.

"बरोबर," ताई म्हणाल्या. "पुढची घ्या."